माझ्या मधोमध एक गार जागा

मी व्यायामशाळेतला एक जुना लोखंडी दांडा आहे. टोकांना वजनाच्या चकत्या चढवायच्या, बाकावर उताणं पडायचं आणि मला छातीवरून वर ढकलायचं, एवढ्यासाठीच माझा जन्म! कारखान्यातून आलो तेव्हा असा चमकत होतो की बास!

मित्रांनो, माझ्या मधोमध मात्र एक गार जागा आहे. कितीही घामेजले हात लागोत, ती तापत नाही. तिथे एकदा आमच्या सरांचा गळा होता. तरुणपणी ते एकटेच मला उचलत होते. हात सुटला. सर वाचले, पण आवाज गेला. तेव्हापासून ते नुसतं कुजबुजतात. पोरं त्यांना ‘सायलेंट मोड’ म्हणतात, अर्थात पाठीमागे!

पण त्या कुजबुजीवरच कितीजणांचे दंड पिळदार झाले! “आधी रिकामा दांडा. अंग तापू दे. नीट जमलं की थोडंसंच वाढव. उद्या आराम कर, स्नायू आरामात भरतात. आणि एकट्याने? कधीच नाही.”

काडी नावाने ओळखली जाणारी एक शाळकरी मुलगी हे सगळं मन लावून पाळायची. एकदा तिचा दादा हसला, “काडे, तू दांडा उचलतेस की दांडा तुला?”

“बघशीलच तू!”

दुपारी सर जेवायला गेले आणि काडी गुपचूप आत आली. दादाइतक्या चकत्या चढवल्या. मी खाली आलो, छातीला टेकलो आणि वर जाईना. तिची कोपरं लटपटली. मी गळ्याकडे सरकू लागलो. मला थांबता येत नाही, मित्रांनो. मला फक्त खाली येता येतं.

“पोटाकडे लोळव!”

तिने जिवाच्या आकांताने मला मांडीपर्यंत लोळवलं आणि उठून बसली. आसपास कुणीच नव्हतं. दार बंद होतं.

तेवढ्यात सर आले. ती रडतच म्हणाली, “सर, बरं झालं तुम्ही ओरडलात!”

“मी?” सर कुजबुजले. “मी आत्ता येतोय. आवाज कसा होता?”

“खणखणीत!”

सरांनी माझ्या मधोमध तळवा ठेवला. बराच वेळ उचललाच नाही.

आता काडी उचलते तेव्हा दादा उशाशी उभा असतो, दोन्ही हात माझ्याखाली धरून. तुम्हीही असं कुणीतरी उभं करा, मित्रांनो. कारण त्या दुपारपासून माझी मधली जागा गार लागत नाही. तिथे जे अडकलं होतं, ते एकदाच ओरडलं आणि गेलं.