कोंबांचं पहिलं पाणी

आमच्या गावातल्या बायका नवऱ्याचा पगार सांगतील, सुनेच्या कागाळ्या सांगतील, पण आवरोनिया कुठून खुडून आणल्या ते मेल्या तरी सांगणार नाहीत. आवरोनिया म्हणजे रानवेलीचे कोवळे कोंब. करंगळीहून बारीक, टोकाला वाकलेले, चवीला कडू. थंडी सरताना जेमतेम दोन-तीन आठवडे मिळतात, मग निबर होतात. अंड्यांत घालून त्यांचा स्फुगातो करायचा. जाडजूड, मंद आचेवर झाकण ठेवून फुगवलेला अंड्यांचा पोळा. आमच्या लेस्वोस बेटावर ईस्टरच्या मोठ्या उपासापूर्वीच्या रविवारी तो झाला नाही तर घरात काहीतरी बिनसलंय असं लोक धरून चालतात.

प्रत्येक घराची कोंबांची जागा ठरलेली. सासूचे गुडघे थकले की ती सुनेला घेऊन जाते आणि जागा दाखवते. त्याला ना पाहुणे लागतात ना पाद्री, पण त्या दिवसापासून सून त्या घरची होते. माझ्या आईने तिची जागा माझ्या भावजयीला दाखवली. मी रुसले तेव्हा म्हणाली, "अगं, तुला तुझ्या सासूची मिळेलच की."

मला एकोणीस वर्षांत मिळाली नाही.

मी डोंगरापलीकडच्या गावची. सासूबाईंच्या, म्हणजे पेरिस्तेराबाईंच्या, हिशोबी मी अजून तिथलीच आहे. दरवर्षी कोंब निघाले की त्या भल्या सकाळी मला हाक मारायच्या, "मिर्सिनी, जरा भट्टीवर जाऊन पाव घेऊन ये बाई." भट्टी गावाच्या दुसऱ्या टोकाला. मी परत येईपर्यंत टोपली भरून मोरीजवळ ठेवलेली असायची आणि त्या चुलीपुढे बसून बूट सुकवत असायच्या. पहिली काही वर्षं मला वाटायचं, योगायोग असेल. मी तशी भोळीच.

दोन हिवाळ्यांपूर्वी त्यांचे गुडघे गेले. आता उठवायला मी, निजवायला मी, पाठ चोळायला मी. तेवढ्या काळात घरात कोंब आलेच नाहीत. भट्टीवर बायका विचारायच्या, "काय गं, दाखवली का जागा?" मी म्हणायचे, "बाई, मला कुठे वेळ आहे." आणि त्या एकमेकींकडे बघायच्या. ते बघणं मला घरापर्यंत पुरायचं.

यंदा मात्र सासूबाई स्वतःच म्हणाल्या, "या रविवारी स्फुगातो व्हायला हवा. मी काही पुढचं वर्ष बघत नाही. जागा सांगून टाकायला हवी." माझ्या हातातलं भांडं मी खाली ठेवलं. त्या रात्री मी माझे रबरी बूट शोधून दारामागे ठेवले, इतकी मला खात्री.

शनिवारी बोटीने थालिया आली. थालिया माझी नणंद, अथेन्सला दातांच्या एका दवाखान्यात कामाला असते. सोमवारची सुट्टी जोडून दोन दिवस आईला बघायला. आली, गालाला गाल लावले, "वहिनी, किती वाळलीस गं" म्हणाली आणि आईच्या खोलीत गेली. मी कॉफी घेऊन गेले तर दार लोटलेलं. आतून सासूबाईंचा आवाज हलका, पण शब्द स्पष्ट. "नीट ध्यानात ठेव. आणि तिला बोलू नकोस."

मी कॉफी दाराशी ठेवली आणि कोंबड्यांना दाणे घालायला गेले. दाणे आधीच घातलेले होते.

माझा नवरा, इग्नातिस, जाळं विणत बसला होता. त्याला म्हटलं, "तुझ्या आईने जागा थालियाला सांगितली."

"मग? तीही याच घरची ना."

"आणि मी?"

"तू काय आता त्या दोन काड्यांवरून भांडणार?" असं म्हणून त्याने धागा दातांनी तोडला. त्याची आई जे करते त्याला त्याच्याकडे नेहमीच लहानसं नाव असतं.

रविवारी सकाळी थालिया टोपली घेऊन निघाली. पायांत पांढरे बूट. अंगणातून तिला जाताना पाहून सासूबाईंचा चेहरा जो उजळला, तो मी एकोणीस वर्षांत माझ्या नावाने कधी पाहिला नव्हता. तासाभरात बाईसाहेब परत. टोपलीत कुठलंसं गवत, बुटांना चिखल, हाताला काटे. मागच्या अंगणात मला गाठून कुजबुजायला लागली.

"वहिनी, ए वहिनी, हे तेच आहेत ना गं?"

"हे नुसतं काटेरी तण आहे, बाळ."

"मेले! मग तूच आण ना, प्लीज. आईला कळता कामा नये, तिला उगाच वाईट वाटेल. संत फोतिनीच्या पडक्या चर्चमागे, ओढा वळतो तिथे, अंजिराखालच्या कुंपणावर." एका दमात सांगून मोकळी झाली, जणू कोपऱ्यावरच्या दुकानाचा पत्ता.

मी तिथेच उभी राहिले. ज्याच्यासाठी मी इतकी वर्षं तोंडाकडे बघत बसले, ते मला असं मिळालं. मोलकरणीला काम सांगावं तसं.

आणि जागा तरी कुठली? त्या अंजिराच्या वरच्या अंगाला आमचीच ऑलिव्हची झाडं. दर हिवाळ्यात मी तिथे फळं झोडपली आहेत, त्याच अंजिराला टेकून पाव आणि कांदा खाल्ला आहे. हिवाळ्यात वेल जमिनीत असते, कुणाला कळणार? आणि वर यायची वेळ झाली की मी पावाच्या भट्टीवर. मी गेले आणि पाहिलं तर कुंपणभर कोंब. दोन वर्षं कुणी खुडले नव्हते म्हणून दाट झाले होते. मी खाली बसले आणि रडले. मग नाक पुसून टोपली भरली.

स्वयंपाकघरात थालियाने दार लावून घेतलं आणि बाहेर ऐकू जाईल अशा आवाजात ओरडली, "आई, तू बस गं, आज सगळं मी करणार!" मग खिडकीत बसून फोन बघायला लागली. करायला मी होतेच.

आवरोनिया उकळायच्या, पहिलं पाणी फेकायचं. पुन्हा उकळायच्या, दुसरंही फेकायचं. मग घट्ट पिळायच्या. तेव्हा कडूपणा जिभेला नुसता लागून जातो. हे मला सासूबाईंनीच शिकवलं, आणि दरवर्षी माझ्या हाताला काहीतरी कमी निघायचं. मीठ कमी, शेपू जास्त, पुदिना शिळा, अंडी फार फेटली. कधी "बरा झालाय" नाही.

त्या दिवशी मी कोंब शिजेस्तोवर उकळले आणि पाणी फेकलंच नाही. त्यातच मुरू दिले आणि पिळले नाहीत. चुकून नाही, अगदी जाणूनबुजून. मनात म्हटलं, खा आता लेकीच्या हातचं. कळू दे घराला, कुणाला काय येतं ते.

बाकी सगळं मात्र हाताने आपसूक नीट केलं. कांद्याची पात तेलात मऊ केली, बटाट्याचे पातळ काप, शेपू, पुदिना, मेंढीचं खारं चीज कुस्करून. अंडी ओतली, झाकण ठेवलं. वर ताट धरून उलटा केला, परत तव्यात सरकवला. एक कड फाटली नाही. खरंच सांगते, तो उलटताना बिघडवावा असं मनात आलं होतं, पण मनगटाने ऐकलं नाही.

"वा, वहिनी, कसला सोनेरी झालाय!" थालिया म्हणाली आणि ताट उचलून मिरवत घेऊन गेली.

त्या संध्याकाळी जेवणाआधी सगळे एकमेकांची माफी मागतात. उपासात मन साफ असावं म्हणून. सासूबाईंना चर्चपर्यंत चालवत नाही, म्हणून आम्ही घरीच करतो. इग्नातिसने आईच्या हाताचं चुंबन घेतलं. थालियाला आईने छातीशी धरलं, बराच वेळ. मग मी वाकले.

"माफ कर, मिर्सिनी," त्या म्हणाल्या, "काही चुकलं असेल तर."

असेल तर. मी म्हटलं, "देव माफ करो, आई." मी माफी मागायचं राहूनच गेलं, आणि कुणाच्या लक्षातही आलं नाही.

बसलो. थालियाने मोठे तुकडे वाढले. सासूबाईंनी पहिला घास घेतला. मी त्यांच्या तोंडाकडे बघत होते. जबडा थांबला. डोळे बारीक झाले. मला आनंद झाला, लपवत नाही.

इग्नातिसने घास तोंडात घातला आणि ताट पुढे ढकललं. "अरे बाप रे, कडूजहर आहे हा!"

"गप बस," सासूबाई म्हणाल्या. "कोंबाला कोंबाची चव असायला पाहिजे. थालियाच्या हाताला आहे ती. मिर्सिनी धुऊन धुऊन सगळी चव घालवते." आणि दुसरा घास घेतला. मग तिसरा. डोळ्यांतून पाणी आलं तर ते रुमालाने टिपलं आणि पुन्हा काटा उचलला. "माझ्या आईच्या हातचा असाच लागायचा."

थालियाने माझ्याकडे पाहिलं. तिलाही कडू लागलं होतं, आणि ते कुणी केलं हेही तिला कळलं होतं. तिने पाण्याचा पेला ओढून घेतला. मी तरी काय बोलणार? मी केलाय म्हणावं, तर हा असा केलाय. आणि जागा माहीत आहे म्हणावं, तर कुणी सांगितली? मी स्वतःच सगळे दरवाजे बंद करून आत बसले होते.

सासूबाईंनी ताट पावाने पुसून घेतलं. एकोणीस वर्षांत माझ्या हातचा स्फुगातो त्यांनी कधी संपवला नव्हता. आज संपवला.

"तू का खात नाहीस?" त्यांनी मला विचारलं. "आवडला नाही वाटतं. शिकून घे जरा तिच्याकडून." आणि माझ्या ताटातला तुकडा उचलून त्यांनी थालियाच्या ताटात ठेवला. "खा गं बाळ, तुझ्याच कष्टाचा आहे."

थालिया बिचारी मान खाली घालून घास गिळत होती, वर पाण्याचे घोट घेत होती. आई तिच्या केसांवरून हात फिरवत होती. मी समोर रिकाम्या ताटापुढे बसले होते, आणि त्या कडूजहर तुकड्याचासुद्धा मला हेवा वाटला.