यल्लाप्पाच्या कार्डावरचा गेम

कोल्हापुरात माणूस दिवाळं काढून पुन्हा दुकान मांडू शकतो, निवडणुकीत आपटून पुन्हा उभा राहू शकतो, पण फुटबॉलमध्ये एकदा हसं झालं की ते त्याला जन्मभर पुरतं. पिराजीचं तसंच झालं होतं.

तो वरच्या तालमीच्या फुटबॉल टीमचा गोलकीपर. लीगची मॅच, समोर खालची तालीम, बरोबरी चाललेली आणि शिट्टी व्हायला थोडाच वेळ राहिलेला. खालच्या तालमीच्या यल्लाप्पानं लांबून एक रडका बॉल मारला. पिराजीनं तो पाहिला, बाहेर चाललाय असं ठरवलं, आणि जागचा न हलता हात वर करून ओरडला, "बाहेर!" बॉल खांबाला आतून घासून जाळीत गेला. सगळ्या स्टेडियमनं पाहिलं ते एवढंच, की बॉल जाळीत आहे आणि पिराजी हात वर करून उभा आहे. त्यानंतर तालमीनं त्याच्या हाती पुन्हा हातमोजे दिले नाहीत.

गल्लीनं मात्र नाव दिलं. भाजीला निघाला की कट्ट्यावरून हाक यायची, "बाहेर!" पंगतीत बसला की वाढपी भात मुद्दाम पानाच्या कडेला टाकून विचारायचा, "बाहेर पडला काय?" उद्यमनगरच्या फौंड्रीत त्यानं जन्म काढला, तिथंही हे नाव त्याच्याआधी पोचलेलं. तीसेक वर्षं झाली. मॅच पाहिलेली निम्मी माणसं वर गेली, आता ओरडणारी पोरं तेव्हा जन्मलीही नव्हती. पिराजी चारचौघांत हसून घ्यायचा आणि घरी येऊन जेवायचा नाही. त्याची बायको बायडाबाई ताट झाकून ठेवायची. ओरडले सगळे, पण गड्या तू हलला का नाहीस, एवढा साधा प्रश्न त्याला कधी कुणी केला नाही. केला असता तर त्यानं सांगितलं असतं.

रिजवानचं नेट कॅफे तालमीच्याच गाळ्यात होतं. रिजवान तालमीचा राइट बॅक. सकाळी मैदानात, दिवसभर कॉम्प्युटरपुढं. दोन हजार नऊ सालच्या उन्हाळ्यात त्यानं पोरांना जमवून सांगितलं की फुटबॉलचा नवा गेम ऑक्टोबरात येतोय. कंपनी पैसे आत्ताच घेणार आणि ज्या दिवशी गेम निघेल त्या दिवशी तो तारेतून थेट आपल्या मशीनवर उतरणार.

पिराजी तालमीचा खजिनदार. त्यानं विचारलं, "डबा न्हाय, सीडी न्हाय. मग पैसं दिऊन घेतलं काय?"

"नंबर लावला म्हणायचं, मामा. शिलिंडरचा लावतोय तसा."

"शिलिंडर डोळ्याला दिसतोय तरी."

"ह्यो बी दिसंल. आन ह्यात आपली टीम घालता येती. आपली जर्सी, आपली नावं, तोंडंसुदीक आपली." मग रिजवान पिराजीकडं वळला. "गोलात तुम्हालाच हुभा करायचा इचार हाय, मामा."

कुणीतरी 'बाहेर' म्हणणार, म्हणून पिराजीनं मान आधीच खाली घातली होती. पण कुणी म्हणालं नाही. पोरांना मनापासून तसंच हवं होतं. तालमीचा जुना गोलकीपर म्हणून त्यांना दुसरं नावच माहीत नव्हतं. वर्गणी जमली आणि पिराजीनं स्वतःच्या खिशातून सगळ्यांपेक्षा जास्त घातली. हातमोजे घातलेला एक पिवळा फोटो त्याच्या ट्रंकेत होता, तोही आणून दिला. रिजवाननं उंची विचारली, कुठल्या हाताला जोर जास्त ते विचारलं. पिराजीनं डावा सांगितला. त्या दिवशी घरी जाऊन त्यानं आरशापुढं एकदा डावीकडं वाकून पाहिलं, कंबर धरली, आणि बायडाबाईला बाम मागितला.

त्याला फार काही नको होतं. तोच बॉल, त्याच बाजूनं यावा, आणि आपण डावीकडं झेप घेऊन तो उरावर घ्यावा. एकदाच. पडद्यावर का होईना. मग हवं तर जन्मभर 'बाहेर' म्हणा. आणि ह्या वयात असली हौस धरायची त्याला लाज वाटायची, म्हणून तो हे कुणाला बोलला नाही. कॅफेवरून जाताना नुसतं डोकावून विचारायचा, "आला काय रं?"

"ऑक्टोबर, मामा."

सप्टेंबरात बातमी आली ती वेगळीच. कंपनीनं जाहीर केलं होतं की स्वतःची टीम घालायची सोय फक्त टीव्हीला जोडायच्या महागड्या डब्यावर मिळेल, कॉम्प्युटरवर नाही. पोरांनी कंपनीच्या तीन पिढ्यांचा उद्धार केला. पिराजी ऐकून घेऊन म्हणाला, "बरं मग," आणि त्या दिवशीही ताट झाकलेलंच राहिलं.

आता पैसे परत घ्यायचे. गेम निघायच्या आत मागितले तर मिळतात, असं रिजवाननं शोधून काढलं. त्यानं जमेल तसल्या इंग्रजीत कंपनीला लिहिलं आणि कंपनीनं हूं की चूं न करता पैसे परत केले. आपल्याकडं नव्या चपलेचा अंगठा तुटला तर दुकानदार म्हणतो तुमचा पाय वाकडा आहे. त्या मानानं परदेशी माणूस भला म्हणायचा. एकच अट होती. ज्या कार्डावरून पैसे गेले, त्याच कार्डावर ते परत येणार.

"मग आलं की न्हाईत?" पिराजीनं विचारलं.

"आल्यात." रिजवान की-बोर्डकडं बघत राहिला. "मामा, आपल्यात तसलं डॉलरात चालणारं कार्ड कुणाकडंच नव्हतं. म्हणून म्या यल्लाप्पाकाकांचं वापरलं. त्यास्नी रोख दिलं, त्यांनी कार्डाचा नंबर दिला."

"कुठला यल्लाप्पा?"

"खालच्या तालमीचं. नटबोल्टवालं. त्यांच्या लेकानं, अतुलनं, बेंगलोरास्नं दिलंय कार्ड."

ज्याचा बॉल अडवायचा होता त्याच्याच कार्डावर मैदान घेतलं होतं म्हणायचं.

"आता ते म्हंत्यात, पोरासोरांच्या हातात पैसं द्याचं न्हाईत. तालमीचा खजिनदार यीऊ दे."

"मग दुसरा खजिनदार करा."

पण तालमीचा खजिनदार म्हणजे शिव्या खायचं पद. त्याला उमेदवार मिळत नाही. आठ-दहा दिवस असेच गेले. पोरं रिजवानला टोचू लागली, रिजवान पिराजीच्या दारावरून मान खाली घालून जाऊ लागला. शेवटी बायडाबाई म्हणाली, "तुमचा गोल तुमच्यापाशी ठेवा. माणसांचं पैसं माणसांस्नी आणून द्या."

रविवारी पिराजी निघाला. खालच्या गल्लीत शिरायचं नाही म्हणून इतकी वर्षं तो बाजाराला वळसा घालून जायचा. आता सरळ गेला. यल्लाप्पाच्या अंगणात त्याची बायको तानूबाई कांदे पसरून निवडत होती आणि यल्लाप्पा बाजेवर बसून गुडघ्याला पट्टा बांधत होता. पार सुटलेला, टकला. पिराजीनं ओळखला तो नाकावरून.

"या पावणं," यल्लाप्पा म्हणाला. "कुठलं तुमी?"

टोमणा आला असं पिराजीला वाटलं. "वरच्या तालमीचा खजिनदार. पिराजी."

"हां, गेमचं पैसं! बसा की. तानू, च्या टाक." तो लंगडत आत गेला, पाकीट घेऊन आला आणि बाजेवर ठेवलं. "मोजून घ्या. आन काय ओ, गेम कसला हुता त्यो?"

"फुटबॉलचा."

"व्हय? म्याबी खेळत हुतो की, खालच्या तालमीकडनं. तुमी खेळलाय काय कवा?"

पिराजीनं त्याच्या तोंडाकडं नीट पाहिलं. टोमणा नव्हता. माणूस खरंच विचारत होता.

"गोलकीपर हुतो," पिराजी म्हणाला. "तू मला गोल मारलायस."

"म्या?" यल्लाप्पा खूश झाला. "कवा?"

"लीगात. शेवटाला. त्या गोलानं आमची तालीम लीगातनं गेली."

यल्लाप्पानं डोकं खाजवलं. "आता लई मारलं गा. कुठला कुठला ध्यानात ठिवायचा? मला इचारशील तर मिरजेत पेनल्टी हुकली ती तेवढी याद हाय. अजून सपनात येती."

"त्या दिसापास्नं गल्ली मला 'बाहेर' म्हंती."

"आयला, ते बाहेर-बाहेर वरडत्यात ते तुला व्हय? मला वाटायचं वर कुणाचं तरी वांड कुत्रं हाय."

पिराजीचं टाळकंच फिरलं. ज्यानं मारला त्याला पत्ता नाही आणि ज्यानं खाल्ला तो तीस वर्षं उपाशी! आजवर तो गोल कुणीतरी विसरावा म्हणून त्यानं किती नवस बोलले असतील, आणि जो विसरला तो नेमका हा. हे त्याला अजिबात चाललं नाही. त्यानं मघाशी हातात आलेला चहा खाली ठेवला, पायातली पायताणं काढून भिंतीशी गोलाच्या खांबांसारखी अंतर राखून मांडली आणि तानूबाईच्या ढिगातला एक कांदा उचलला.

"ऊठ. हितं हुभा ऱ्हा, तुळशीपाशी. न्हाय, अजून डावीकडं. ह्यो बॉल. मार."

"गुडघा..."

"मार म्हणतोय न्हवं!"

यल्लाप्पानं लाथ घातली. कांदा थेट मोरीत गेला. पिराजीनं दुसरा दिला, तो बाजेखाली शिरला.

"असा न्हाय मर्दा! आत मार, आत! ह्या खांबाला आतनं घासून!"

"ह्या खांबाला?"

"ह्याच! म्या सांगतोय न्हवं? म्या हुतो की तितं!"

तानूबाई हातातला कांदा हातात धरून बघत राहिली. शेजारच्या भिंतीवरून दोन डोकी वर आली. पिराजी गुडघे टेकून यल्लाप्पाच्या पायाशी बसला, त्याचा पंजा दोन्ही हातांनी धरून जरा आत वळवला, फौंड्रीत साचा बसवावा तसा, आणि तिसरा कांदा पुढं ठेवला. मग स्वतः पायताणांच्या मध्ये जाऊन उभा राहिला.

कांदा निघाला. हळू, रडत, एका बाजूनं. पिराजीचा हात आपोआप वर गेला. कांदा डावीकडच्या पायताणाला लागला, आत वळला आणि भिंतीला टेकून थांबला.

"गोल!" पिराजी ओरडला. "ह्योच! ह्योच गोल!"

यल्लाप्पानं कांद्याकडं पाहिलं, पायताणाकडं पाहिलं, मग पिराजीच्या वर राहिलेल्या हाताकडं पाहिलं. "आयला. ह्यो म्या मारलाय?"

"तूच."

"ब्येस मारलाय की." मग त्याच्या कपाळाला आठी पडली. "पर मग तू हाललास का न्हाईस?"

पिराजीनं हात खाली घेतला. इतकी वर्षं तोंडात धरून ठेवलेलं उत्तर बाहेर आलं.

"वाटलं, बाहेर चाललाय."

यल्लाप्पा लंगडत त्याच्यापाशी आला. पिराजीला खांद्यानं बाजूला सारून त्याच्याच जागी उभा राहिला, वाकला आणि एक डोळा मिटून तुळशीकडं बघितलं. बराच वेळ बघितलं.

"हितनं तर बाहेरच दिसतोय की गा," तो म्हणाला. "मलाबी तसंच वाटलं आस्तं."

पिराजी बाजेवर बसला. त्याला रडू येत होतं आणि परक्या अंगणात ते बरं दिसणार नाही, म्हणून त्यानं थंड झालेला चहा एका दमात संपवला. तानूबाईनं मोरीतला कांदा धुऊन घेतला, बाकीचे पदरानं पुसले, सगळे ढिगात टाकले आणि म्हणाली, "आता जेवूनच जावा." पिराजी नको म्हणाला नाही. त्यानं भाकरी दुसऱ्यांदा मागून घेतली.

ऊन उतरल्यावर तो वर आला तेव्हा रिजवान गाळ्याच्या दारातच उभा होता. "मामा, पाकीट?"

पिराजीनं खिसे चाचपले. पाकीट तिथं बाजेवरच राहिलं होतं.

"ऱ्हायलं की. आणतो," म्हणून तो आल्या पावली माघारी वळला. कट्ट्यावर पोरं बसलीच होती. त्यातल्या एकानं सवयीनं हाक दिली, "बाहेर!"

पिराजी थांबला. असा तो कधी थांबला नव्हता, त्यामुळं पोरगं गडबडून उभं राहिलं.

"व्हय," पिराजी म्हणाला. "यल्लाप्पालाबी बाहेरच दिसला. इचारून या जा." आणि वळसा न घालता तो सरळ खालच्या गल्लीत उतरला.