पेटीतला डावा कोपरा

मित्रांनो, स्वतःची कहाणी सांगायला बसलेल्या वस्तू बहुधा फार म्हाताऱ्या असतात. मी एक जुनी पेटी आहे खरी, पण जुनी फक्त लाकडाने. पेटी म्हणून माझं वय तुमच्यातल्या पाचवीच्या मुलांपेक्षाही कमी भरेल. तरी माझं काम संपलंय, म्हणून म्हटलं आता सांगून टाकावं.

माझ्या अंगात अस्सल सागवान आहे, हे आधीच सांगून ठेवते. ठाण्यात नौपाड्याला भाऊ नावाचे एक निवृत्त इंजिनिअर राहतात. त्यांच्या दिवाणखान्यातलं शोकेस मोडलं, तेव्हा त्याच्या फळ्या टाकून द्यायला त्यांचा जीव झाला नाही. त्यांनी रंधा काढला, पटाशी काढली आणि त्या फळ्यांच्या पेट्या केल्या. मी त्यातली सगळ्यात सुबक, असं ते स्वतः म्हणाले होते. भाऊंना मोडकी वस्तू बघवत नाही. सोसायटीतले मिक्सर, इस्त्र्या, चष्म्याच्या दांड्या सगळं त्यांच्याकडे येतं आणि धडधाकट होऊन जातं. माझा त्यांच्यावर फार जीव आहे.

पेट्या त्यांनी केल्या त्या त्यांच्या मुलीसाठी, उत्तराताईंसाठी. घराच्याच पुढच्या खोलीत ताईंचा दवाखाना आहे. तिथे औषधं नाहीत, सुई नाही. ज्या लहान मुलांच्या मनाला फार मोठा मार बसलाय, अशी मुलं तिथे येतात. ताई म्हणतात, एवढ्याशा मुलांना दुःख शब्दांत सांगता येत नाही, ती ते खेळून सांगतात. म्हणून प्रत्येक मुलाची एक वेगळी पेटी. तिच्यात बोटभर उंचीची माणसं, प्राणी, कागद, दोरा आणि गणपतीनंतर उरलेला शाडू. मुलाने खेळ जसा टाकला तसाच पेटीत राहतो. मोडलेलं मोडलेलंच, घाण झालेलं घाणच. झाकण लागतं, कुलूप लागतं आणि पुढच्या वेळी ते मूल येईपर्यंत ताईसुद्धा आत हात घालत नाहीत. सुरुवातीला मला हे अजिबात पटलं नाही. सागवानाला शाडूचे डाग म्हणजे काय! पण बोलणार कोणाला?

मी कृतिकाची पेटी झाले. कृतिका जवळच्याच दिवा गावची, चार वर्षांची. तिला तिची आजी सखुबाई कडेवर घेऊन यायची. पहिल्या दिवशी सखुबाईंनी सगळं सांगितलं. कृतिकाला धाकटा भाऊ झाला होता. सव्वा महिन्याचा असताना तो झोपेतच गेला. तेव्हा कृतिकाला शेजारी पाठवलं होतं. तिची आई निशा रडून रडून आजारी पडेल, म्हणून घरच्यांनी त्याच संध्याकाळी पाळणा, झबली, दुपटी, पावडरचा डबा, सगळं घराबाहेर काढलं आणि फरशी पुसून घेतली. कृतिका परत आली तर बाळ नाही, पाळणा नाही, पाळण्याची दोरीही नाही. तिने विचारलं, बाळ कुठंय? ते गावाला गेलंय, असं तिला सांगितलं. आईला विचारलं तर आई भिंतीकडे तोंड करून पडलेली. आई जिवंत होती, घरात होती, पण तिच्याकडे बघत नव्हती. हळूहळू कृतिकाचं बोलणं बंद झालं. मग हाताने जेवणंही थांबलं. मग ती रात्री भिंतीवर डोकं आपटायला लागली. डॉक्टरांनी कान तपासले, मेंदू तपासला. सगळं ठीक निघालं.

"ती परत बोलंल ना ओ बाय?" सखुबाईंनी विचारलं.

ताई म्हणाल्या, ते आजच सांगता येणार नाही, पण मी तिची वाट बघेन.

आणि त्यांनी बघितली हो. कितीतरी दिवस कृतिका नुसती भिंतीला कपाळ लावून उभी राहायची. ताई शेजारी जमिनीवर बसायच्या. मग एकदा तिने मला उपडी केली. मला लागलं, पण बरंही वाटलं. पुढे तिला माझ्यातली बाळबाहुली सापडली. तिने तिचा एक पाय उपटला, तिला ओल्या शाडूत माखलं, माझ्या डाव्या कोपऱ्यात दडपलं आणि वर कागदाचे कपटे थुंकी लावून चिकटवले. वास सुटला होता, खोटं कशाला सांगू! ताईंनी नाक मुरडलं नाही. त्या एवढंच म्हणाल्या, बाळ इथे आहे, तू ठेवलंस तिथे. इथून कोणी नेणार नाही.

तेव्हापासून तिचा एकच खेळ. आली की झाकण उघडायचं, डाव्या कोपऱ्यात बोट घालायचं, कपट्यांखालचं बाळ चाचपायचं. असलं की श्वास सोडायचा आणि मग ताईंच्या मांडीला टेकून बसायचं. असं वर्षभर चाललं. मित्रांनो, त्या वर्षात मी सागवानाचा गर्व सोडला. त्या घाणीची राखणदार असणं हेच मला मानाचं वाटू लागलं.

मग भाद्रपदात, एका दुपारी, बोट कोपऱ्यात असतानाच ती म्हणाली, "हाय."

आजी घरी बोलते तसंच. ताई हळूच म्हणाल्या, हो, आहे. दाराबाहेर सखुबाई तोंडाला पदर लावून रडल्या. पुढच्या वेळी त्यांनी तांदळाच्या भाकऱ्या आणि सुकटीचा डबा आणला. ताईंना सुकट कशाशी खातात तेही ठाऊक नव्हतं. भाऊंनी मात्र सोवळंओवळं गुंडाळून ठेवून डबा चाटूनपुसून साफ केला. तो एक शब्द घरी कळला आणि इतके दिवस अंथरूण न सोडलेली निशा म्हणाली, दसरा झाला की मीपण येते. ताईंना तेच तर हवं होतं. आई आणि मूल एकदा या पेटीपाशी बसली, की पुढचा रस्ता उघडेल, असं त्या भाऊंना सांगत होत्या.

नवरात्रात टेंभी नाक्याच्या देवीची गर्दी असते, रिक्षावाले या बाजूला यायला का कू करतात. म्हणून ताईंनी दवाखाना बंद ठेवला आणि स्वतः कामासाठी पुण्याला गेल्या. खंडेनवमीला भाऊ दरवर्षी हत्यारांची पूजा करतात. पक्कड, करवत, रंधा, सगळं धुऊनपुसून पाटावर मांडतात. त्या वर्षी त्यांच्या मनात आलं, माझी पूजा होते, मग पोरीच्या हत्यारांनी काय पाप केलंय? त्यांनी ताईंच्या कपाटातून किल्ल्या घेतल्या आणि आम्हा सगळ्या पेट्यांची कुलपं उघडली.

मला बघून त्यांना वाईट वाटलं. अरेरे, काय दशा झालीये, असं ते स्वतःशीच म्हणाले. त्यांनी पटाशीने शाडू खरवडला, कपटे केरात टाकले, बाहुली साबणाने धुतली, तिचा पाय फेविकॉलने बसवला. मला पॉलिश केलं. एक पांढरा रुमाल घडी करून त्याची गादी केली आणि बाळाला तिच्यावर मधोमध निजवलं. माझ्या झाकणाला हळदकुंकू, झेंडूचं फूल. किती मायेने करत होते ते! मी आतल्या आत ओरडत होते.

दसऱ्यानंतर ताई परत आल्या. झाकणावरची फुलं बघून त्या हसल्या. कुलूप उघडून बघायचा त्यांचा रिवाजच नव्हता.

दुसऱ्या दिवशी निशा आली. जिना चढताना तिला धाप लागत होती. कृतिका तिचं एक बोट घट्ट धरून पुढे चालत होती. असं ओढत कोणाला आणताना मी तिला पहिल्यांदाच पाहत होते. आली ती थेट माझ्यापाशी. तिने झाकण उघडलं आणि मधल्या गोऱ्यागोमट्या बाहुलीकडे ढुंकूनही न बघता आईचं बोट डाव्या कोपऱ्यात नेलं.

तिथे गुळगुळीत पॉलिश होतं.

तिने आईचं बोट तिथे फिरवलं. पुन्हा फिरवलं. मग सोडून दिलं. ती रडली नाही, मित्रांनो. शेजारची पेटी ज्याची, त्या अद्वयने नंतर त्याची दुरुस्त झालेली गाडी बघून अख्खी खोली डोक्यावर घेतली, गाडी पुन्हा मोडली आणि तो मोकळा झाला. कृतिकाने माझं झाकण हलकेच लावलं. मोठी माणसं लावतात तसं.

"काय होतं इथं?" निशाने विचारलं.

ताईंचा चेहरा पांढरा पडला होता. त्या खोटं बोलत नाहीत.

"बाळ होतं. मी सांभाळते म्हटलं होतं. माझ्याकडून गेलं."

निशा उठली आणि जिना उतरून गेली.

त्यानंतर कृतिका दोनदा आली. दोन्ही वेळा भिंतीला कपाळ लावून उभी राहिली. ताईंनी तिच्याशी बोलून पाहिलं, तिची माफी मागितली, माझ्या झाकणावर हात ठेवून वाट पाहिली. तिने मागे वळून बघितलं नाही. मग तिचा बाप कमलेश एकटाच आला. भला माणूस आहे, आवाज चढवला नाही.

"राग नका मानू मॅडम. पोरगी एक शब्द बोललेली, तोपण गेला. निशाचं परत भिंतीकडं तोंड. आता नाय येणार आम्ही."

ताई भाऊंना रागाने एक शब्दही बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर बरं झालं असतं. एके दिवशी भाऊंनी मला टेबलावर घेतलं. शाडू भिजवला. बाहुलीचा बसवलेला पाय ओढून काढायला गेले, तर निघेना. भाऊंचं काम पक्कं असतं. शेवटी पकडीने काढला. बाळाला माखलं, डाव्या कोपऱ्यात ठेवलं, वर कपटे लावले.

"अशीच होती का गं?" त्यांनी विचारलं.

"मला माहीत नाही, भाऊ," ताई म्हणाल्या. "मी कधी हात लावला नव्हता."

तशी नव्हती. डोकं दुसऱ्या टोकाला होतं, तोंड भिंतीकडे होतं. हे फक्त दोघींना ठाऊक आहे, मला आणि कृतिकाला, आणि आम्ही दोघीही बोलत नाही.

मित्रांनो, एखाद्या लहानग्याने काही मोडकंतोडकं, घाणेरडं जपून ठेवलेलं दिसलं, तर मायेनेसुद्धा त्याला हात लावू नका. आधी विचारा. आणि तुम्हीच काही जपलं असेल, तर तुम्हांला कोणीतरी विचारो. मला तशी फार आशा नाही.

मी आता कपाटात वरच्या फळीवर असते. ताई दुसऱ्या मुलाला मला देत नाहीत. कृतिका परत यावी असं मला रोज वाटतं. मग आठवतं, की आली तर ती पहिलं बोट डाव्या कोपऱ्यातच घालेल, आणि हे बाळ तिचं नाही, हे तिला लगेच कळेल.