दुपारपर्यंतची पाणीपाळी

आमच्या द्रा नदीला पाणी म्हणजे वरच्या धरणाची मर्जी. त्यांनी सोडलं तर येणार, आणि आम्ही पडलो पार शेवटच्या गावचे. वरच्यांचं भागून उरेल ते आमचं.

या खेपेला पाणी मिळालं नाही तर खजुरी गेल्याच. मग घराला कुलूप आणि कासाब्लांकात लेकाच्या एका खोलीत संसार. लेक म्हणालाच होता, "आई, वाळूशी किती दिवस भांडणार?"

आमची पाळी उजाडल्यापासून दुपारच्या अजानपर्यंत. पुढची माझ्या नणंदेची, तुदाची. विधवा बाई, मूलबाळ नाही, आहेत त्या खजुरीच. पाळी चालते सूर्यावर. पाणी आलं नाही तरी ती संपते, हा पणज्यांचा कायदा. मेला तो कायदा.

पहाटेपासून माझा नवरा अद्दी फावडं घेऊन दारं धरून उभा. पाट कोरडा ठणठणीत. येणारं पाणी वाटेत वाळूच पीत होती.

"येतंय का हो?"

"वरच्या वळणाला आलंय म्हणतात."

"म्हणतात काय? बघून या की."

"पाळी सोडून जाऊ? डोकं ठिकाणावर आहे का तुझं, हद्दा?"

शेवटी आलं. गढूळ, फेसाळ, बोटभर. पहिल्या खजुरीच्या आळ्यात शिरलं आणि अजान झाली. अद्दीने स्वतःच्या हाताने चिखल टाकून आमचं दारं बुजवलं.

मी त्याचा हात धरला. "अहो, वन्संचीच तर पाळी आहे. घटकाभर मागा."

"मी नाही मागणार. तिची झाडं काय लोखंडाची आहेत?"

मी लाज सोडून गेले. तुदाने मान वर केली नाही. "वहिनी, तुम्ही मागितलंत तर माझ्याने नाही म्हणवणार नाही. म्हणून मागू नका."

मी आल्या पावली परतले. वाटभर तिला मनातल्या मनात शिव्या घातल्या. पण तिची दुसरी ओळ भिजण्याआधीच पाटाची धार बारीक झाली, मग तुटली. वर धरण बंद केलं होतं. आता शिव्या कुणाला घालू? मला रडूच कोसळलं.

संध्याकाळी मी वळकट्या बांधत होते. तुदा दारात येऊन उभी राहिली.

"लेकाची खोली केवढी आहे हो, वहिनी?"

"आहे एवढीशी."

"मला एक कोपरा पुरेल."

मी म्हटलं, चला.