न धुतलेली जीप

शूटिंगच्या गाड्या सांभाळणं हे माझं काम. सगळं वेळेवर पोचलं तर रेणुका हे नाव कुणाला आठवत नाही. उशीर झाला की सगळ्यांना तोंडपाठ.

वाटूरजवळ एका वेब सिरीजचं शूटिंग चालू होतं. आदल्या दिवशी खुनाचा सीन झालेला, जीपची मागची सीट खोट्या रक्तानं माखलेली. उरलेला सीन आष्टीकडच्या शेतात होता. अशी गाडी आम्ही रस्त्यावर चालवत नाही. ट्रकवर चढवून, ताडपत्रीनं झाकून नेतो. नेमका त्या सकाळी ट्रक बंद पडला. मी मॅनेजरला म्हटलं, सीट धुऊ द्या, तिथे पुन्हा रंगवा. तो म्हणाला, डाग कालच्यासारखेच दिसले पाहिजेत, चादर टाका आणि निघा. मला त्याचा गळा धरावासा वाटला.

जीप तातेराव चालवत होता, मी शेजारी. वाटूर फाट्यावर वाऱ्यानं चादर उडाली. उसाच्या ट्रॅक्टरवाल्यानं आत बघितलं आणि ट्रॅक्टर आडवा घातला. बघता बघता गर्दी जमली. मुडदा कुठं टाकला, असं विचारत लोकांनी तातेरावाला कॉलर धरून बाहेर ओढलं. मी शूटिंगचं सांगत होते, तर कॅमेरा दाखव म्हणाले. कॅमेरा आष्टीला.

तातेराव भोळा. ते रक्त म्हणजे साखरेचा पाक आणि रंग, हे सेटवर सगळ्यांना ठाऊक. येता-जाता आम्ही बोट लावून चाखतोसुद्धा. त्यानं सीटवर बोट फिरवलं आणि तोंडात घातलं.

"गोड हाय, दादा. बिलकुल खोटं हाय."

मग मागून कुणीतरी बोललं, "रगत चाटून राह्यला ह्यो. नरबळीवाला हाय."

पहिला दगड त्याच्या कानावर बसला. मग काठ्या, लाथा, ट्रॉलीची लोखंडी पिन. मी सीटखालची लोखंडी टामी काढून एकाचं मनगट फोडलं, दुसऱ्याच्या गुडघ्यावर घातली, आणि खरं सांगते, आणखी घालायची होती. कुणीतरी माझे केस धरून डोकं डांबरावर आपटलं. तातेराव रांगत मागच्या सीटवर चढला, तर तिथेही त्याला हाणत राहिले. त्याचा डोळा फुटलेला मी बघितला. पोलीस आले तेव्हा हाणणारे सगळे बघे झाले होते.

त्याला जालन्याला नेलं. जीव वाचेल, डोळा नाही, असं डॉक्टर म्हणाले. आता त्याच्या हाती स्टिअरिंग कोण देणार, या विचारानं मला रडू फुटलं.

डोक्याला टाके घालून घेऊन मी आष्टीला पोचले, तर जीप माझ्याआधी हजर. मॅनेजरनं सोडवून आणली होती. कालचे डाग आज जुळवणारी आकांक्षा मोबाइलमधला फोटो आणि ओला फडका घेऊन सीटपाशी वाकली होती.

"ताई, काल एवढं नव्हतं," ती हळूच म्हणाली. "जास्तीचं पुसतेय."

चिकट होतं तेवढं ती ठेवत होती. सुकून काळं पडलेलं पुसत होती. ते तातेरावाचं होतं.

मी टँकरचा पाइप ओढला आणि अख्खी सीट धुतली. मॅनेजर ओरडत धावत आला, तेव्हा त्याच्याही तोंडावर पाणी सोडलं. सकाळी मी एवढंच तर करू द्या म्हणत होते.