माइटनेरियम नावाचा कोट

दुर्गा मोहितेने तो कोट अडीच महिने खपून केला होता. करडी, दाट, घोट्यापर्यंत रुळणारी फर. नकली, पण हात फिरवला की काढवत नसे. रसायनशास्त्रात एम.एस्सी. झालेली दुर्गा जयेंद्रगंज बाजारातल्या हेमेंद्ररावांच्या बुटीकमध्ये नोकरी मिळेपर्यंत म्हणून आली आणि तिथेच रमली. कोटाचं नाव तिने ठेवलं होतं माइटनेरियम.

स्पर्धेच्या फॅशन शोच्या दिवशी हॉटेलात तिने कॉलरच्या आतली पट्टी पाहिली. ‘रॉयल मिंक. डिझाइन : हर्षिता.’ हर्षिता ही हेमेंद्ररावांची मुलगी. कोटाला तिने एक टाकाही घातला नव्हता.

“दुर्गा, इश्यू नको करू,” हेमेंद्रराव म्हणाले. “हर्षिताला लाँच करायचंय. और वो नाम, कोणाला कळणार?”

“मी सांगते ना. लीझे माइटनर. अणू फुटतो तो कसा, हे या बाईने उलगडलं आणि नोबेल एकट्या सहकाऱ्याला मिळालं. पुढे जर्मनीत एकशे नऊ क्रमांकाचं अतिजड मूलद्रव्य तयार झालं. पहिल्यांदा एकच अणू, तोही क्षणात विरलेला. पण ज्यांनी शोधलं त्यांनी हक्काने तिचं नाव दिलं. हा कोट मी शोधलाय, हेमेंद्रराव. आणि ही मिंक प्राण्याची खरी फर नाही.”

“पट्टीला हात लावलास तर उद्यापासून येऊ नकोस.”

ते गेले. दुर्गाने कात्रीने जुनी पट्टी उसवून काढली. मॉडेल शिखा कोट घालायला उभी होती. ती दाराशी जाऊन पहारा देत राहिली. नव्या पट्टीवर दुर्गाने काळ्या दोऱ्याने ‘माइटनेरियम’ हे नाव घातलं, खाली ‘नकली फर’, त्याखाली स्वतःचं नाव.

निवेदकाने मात्र ‘रॉयल मिंक, हर्षिता’ असंच पुकारलं. दुर्गा पडद्याआडून थेट रॅम्पवर आली.

“हे खोटं आहे!”

शिखाने कॉलर उलटून दाखवली. परीक्षक उषाताईंनी पट्टी वाचली आणि त्या पहिल्या रांगेकडे वळल्या. “हर्षिता, अस्तर कसं बसवलंस?”

हर्षिताने वडिलांकडे पाहिलं. मग मान खाली घालून म्हणाली, “मी नाही बनवला. दुर्गाताईने बनवलाय.”

नोंद चुकीच्या नावाने झाली म्हणून कोट स्पर्धेतून बाद झाला. हेमेंद्ररावांनी तो परत घेतला. कापड त्यांचंच होतं. “पॅटर्नही ठेवून जा,” ते गुरगुरले. दुर्गाने स्वतः घरी बसून आखलेले पॅटर्नचे कागद गुंडाळले, काखेत मारले आणि पुढच्या दाराने, सगळ्यांच्या देखत, बाहेर पडली.

महिनाभराने हरिशंकरपुरममधल्या भाड्याच्या खोलीत ती दुसरा कोट शिवत असताना फोन वाजला.

“लोक तोच कोट मागतात,” हेमेंद्रराव म्हणाले. “परत ये. तुझंही नाव टाकू. खाली, छोट्या अक्षरांत.”

“नाही,” दुर्गा म्हणाली. फोन ठेवून तिने फर सुईखाली सरकवली.