मुराकोशींच्या नावाचं पान

मित्रांनो, मी एका जपानी भुताच्या सिनेमाची जुनी पटकथा आहे. पानं पिवळी, शिवण उसवलेली. हसू नका! माझ्यातल्या भुताला पाहून एके काळी मोठमोठी माणसं डोळ्यांवर हात घेत असत.

मला तेइजी मुराकोशी यांनी लिहिलं. त्यांनी आयुष्यभर भुतं आणि राक्षसच लिहिले. एकोणीस सिनेमे! कौतुक दिग्दर्शकाचं झालं, नटांचं झालं, रबरी राक्षसाच्या आत घाम गाळणाऱ्याचंसुद्धा झालं. "असलं लिहायला काय लागतं?" असं लोक म्हणत. मुराकोशी पुढचं पान लिहायला घेत. मला मात्र भारी राग येई. भूत रडतं तो प्रसंग त्यांनी अकरा वेळा लिहिला होता.

सिनेमा जर्मनीत आला तेव्हा सुरुवातीची सगळी नावं कापली गेली. त्याच्यासोबत मीही तिथल्या कोलोन शहरात आले आणि एका संग्रहालयाच्या कपाटात कित्येक वर्षं पडून राहिले. मुराकोशी वारले, तेही मला फार उशिरा कळलं.

यंदा त्या सिनेमाचा खेळ ठरला. माहितीपत्रकाचं काम संग्रहालयात नोकरी करणाऱ्या अरुंधतीकडे आलं. ती पुण्यात जपानी शिकलेली. माझ्या पहिल्या पानावर, आणि फक्त तिथेच, तिला लेखकाचं नाव सापडलं. वरिष्ठ म्हणाले, "शुक्रवारपर्यंत पुरावा दे, नाहीतर लेखक म्हणूनही दिग्दर्शकाचंच नाव छापू." "उद्या स्कॅन करते," म्हणत ती मला घरी घेऊन आली.

घरी तिचे सासरे विलासराव पुण्याहून आलेले. पाठकोरा कागद दिसला की त्यांचा हात शिवशिवायचा. जपानी वही आपल्या उलट बाजूनं उघडते, हे त्यांना काय माहीत! दोनच ओळींचं शेवटचं पान समजून त्यांनी माझं पहिलंच पान काढलं, मागे भाजीची यादी लिहिली आणि दुकानात गेले. मला ओरडता येत नाही याचं इतकं वाईट कधीच वाटलं नव्हतं.

"बाबा, ह्याचं पहिलं पान कुठंय?" दुसऱ्या दिवशी सकाळी अरुंधतीनं विचारलं.

"पहिलं? अगं, मला वाटलं शेवटचं... त्यावर यादी केली मी."

"आणि यादी?"

"दुकानातल्या कागदाच्या डब्यात टाकली. कागद वेगळा टाकायचा, तूच शिकवलंस ना?"

अरुंधती म्हणाली, "त्या माणसाचं नाव फक्त तिथेच होतं हो, बाबा."

विलासरावांनी बूट चढवले. जर्मनचा एक शब्द येत नसताना, लोक बघत असताना, त्या सत्तरीच्या माणसानं अख्खा डबा उपसला. तासाभरानं ते पान घेऊन आले. त्यांनी ते आधी कपाळाला लावलं. "चुकलो रे बाबा," असं ते मुराकोशींना मराठीतच म्हणाले. माझा राग तिथेच विरघळला.

माहितीपत्रकावर नाव छापून आलं. अरुंधतीनं जपानला व्हिडिओ कॉल लावून मुराकोशींच्या वृद्ध मुलीला ते दाखवलं. त्यांनी पडद्यावरच्या त्या नावाला बोट लावलं. मग हळूच म्हणाल्या, "बाबा असताना का नाही झालं हे?"

मित्रांनो, तुम्हाला एखादी गोष्ट आवडली, तर ती कोणी लिहिली ते विचारा. तो माणूस हयात असेल, तर आजच त्याला सांगा.